काउंटडाऊन थांबतं तेव्हा

मुलांनो, गोष्ट आहे २१ ऑक्टोबर २०२३ ची. शनिवार होता, सकाळची शाळा. आमच्या चौथीच्या वर्गात टीव्ही लावला होता आणि सगळी पोरं सतरंजीवर एकमेकांच्या अंगावर रेलून बसली होती. श्रीहरिकोट्याहून इस्रोचं एक छोटं रॉकेट उडणार होतं. पुढे 'गगनयाना'तून आपली माणसं अंतराळात जायची आहेत ना, त्यांच्यासाठीची ही चाचणी. रॉकेटमध्ये बिघाड झालाच तर माणसं बसलेली कुपी रॉकेटपासून तोडायची, दूर न्यायची आणि पॅराशूटने समुद्रात अलगद उतरवायची, अशी सुटकेची व्यवस्था. कुपीत अर्थातच कोणी बसलेलं नव्हतं.

हवा खराब म्हणून आठची वेळ पाऊण तास पुढे गेली होती. शेवटी काउंटडाऊन सुरू झालं. सगळा वर्ग एका सुरात ओरडत होता, "दहा! नऊ! आठ! सात! सहा! पाच!"

आणि पाचावर मोजणी थांबली. रॉकेट जिथल्या तिथे उभं.

"फुस्स!" मागच्या रांगेतून आवाज आला. सगळे खो खो हसले. "बाई, रॉकेट नापास झालं!"

मी म्हटलं, "नापास नाही रे. संगणकाला काहीतरी ठीक दिसलं नाही, म्हणून त्याने स्वतःच थांबवलं." हे काही त्यांना फारसं पटलं नाही. पाचपर्यंत येऊन थांबायचं म्हणजे काय! दहीहंडीत शेवटच्या थरावर चढून हंडी न फोडताच खाली उतरल्यासारखं.

बिघाड शोधेपर्यंत हाताशी वेळ होता. त्या वेळात मी वर्गाला ज्या गोष्टी सांगितल्या, त्याच आज तुम्हाला सांगणार आहे. तुम्ही त्यांच्यापेक्षा मोठे, म्हणून जरा सविस्तर. पण आधीच सांगते, या दुःखाच्या गोष्टी आहेत. धाकट्या भावंडांना वाचून दाखवायच्या असतील तर पहिल्यांदा आई-बाबांना वाचायला द्या.

माणूस १९६१ मध्ये पहिल्यांदा अंतराळात गेला. तेव्हापासून अंतराळयानाच्या उड्डाणात चार वेळा माणसं दगावली. एकूण अठरा जण. (अमेरिकेच्या एक्स-१५ या रॉकेटच्या विमानाचा वैमानिक मायकेल अ‍ॅडम्स धरला तर एकोणीस.) शिवाय जमिनीवर सराव करताना गेलेले आहेत ते वेगळेच. आणि पहिली गोष्ट त्यांच्यातल्याच एकाची आहे.

युरी गागारिन यांचं नाव तुम्हाला पाठ असेल. १२ एप्रिल १९६१ ला ते अंतराळात जाणारे पहिले मानव ठरले. पण त्याच्या तीनच आठवडे आधी, २३ मार्चला, त्यांच्याच तुकडीतला एक तरुण गेला. वालेंतिन बोंदारेन्को. वय चोवीस. तुकडीतला सगळ्यात लहान. एका बंद खोलीत त्याला पंधरा दिवस एकट्याने राहायचं होतं. अंतराळात माणूस एकटेपणा सहन करू शकेल का, हे डॉक्टरांना बघायचं होतं. खोलीतल्या हवेत ऑक्सिजन जास्त ठेवला होता. दहाव्या दिवशी त्याने अंगावर चिकटवलेली तपासणीची उपकरणं काढली, ती जागा स्पिरिटच्या बोळ्याने पुसली आणि बोळा टाकून दिला. तो नेमका विजेच्या गरम शेगडीवर पडला.

तुम्ही शाळेत तो प्रयोग पाहिला असेल. विझत आलेली उदबत्ती ऑक्सिजनच्या परीक्षानळीत धरायची, की ती भुर्रकन पेट घेते. बोंदारेन्कोच्या खोलीत तसंच झालं. आतला आणि बाहेरचा हवेचा दाब वेगळा, त्यामुळे दारही चटकन उघडेना. काही तासांनी तो इस्पितळात वारला.

सोव्हिएत सरकारने ही बातमी दाबून ठेवली. एक-दोन नाही, तब्बल पंचवीस वर्षं. १९८६ साली ती उघड छापून आली.

आता पुढचं ऐका. बोंदारेन्को गेल्याला जवळजवळ सहा वर्षं झाली होती. २७ जानेवारी १९६७ ची संध्याकाळ. अमेरिकेतल्या फ्लोरिडात अपोलो यानाची तालीम चालू होती. चंद्रावर जायच्या मोहिमेतलं हे माणसं नेणारं पहिलंच यान. उड्डाण २१ फेब्रुवारीला ठरलेलं. गस ग्रिसम, एड व्हाइट आणि रॉजर चॅफी हे तिघे पोशाख चढवून दुपारपासून यानात आडवे होते. व्हाइट म्हणजे अंतराळात यानाबाहेर पडून तरंगलेले पहिले अमेरिकन. ग्रिसम दोनदा अंतराळात जाऊन आलेले. चॅफींचं मात्र हे पहिलंच उड्डाण होणार होतं.

यानात नुसता ऑक्सिजन भरला होता, तोही बाहेरच्या हवेपेक्षा थोड्या जास्त दाबाने. ठिकठिकाणी नायलॉनची जाळी आणि चिकटपट्ट्या. दार आतल्या बाजूला उघडणारं, म्हणजे आतला दाबच ते घट्ट दाबून धरणार. सगळं सुरळीत असताना ते उघडायलाही दीड मिनिट लागायचं. आणि गंमत बघा (गंमत कसली म्हणा), या तालमीला 'धोकादायक' असा शेराच नव्हता. का, तर रॉकेटमध्ये इंधन भरलेलं नव्हतं! इंधन नाही म्हणजे आग नाही, असा हिशेब. म्हणून आग विझवणारी माणसं आणि डॉक्टर जवळ उभे केलेले नव्हते.

साडेसहाला आतून आवाज आला, आग लागली आहे. बहुधा वायरींमध्ये ठिणगी पडली होती. बाहेरच्या माणसांनी हात भाजून घेतले, धुरात घुसमटली, पण दार उघडायला पाच मिनिटं लागली. तिघेही गेले होते.

बोंदारेन्कोची हकिकत अमेरिकेला वेळेवर कळली असती तर हे टळलं असतं का? खात्रीने नाही सांगता येत, कारण ऑक्सिजनमध्ये आग भडकते हे तिथल्या तज्ज्ञांनाही माहीत होतंच. पण मला राहून राहून वाटतं, माहीत असणं वेगळं आणि एका चोवीस वर्षांच्या मुलाचं नाव समोर असणं वेगळं.

अमेरिकेने मात्र चौकशी उघडपणे केली. दार बदललं. नवं दार बाहेरच्या बाजूला काही सेकंदांत उघडायचं. तळावर असताना यानात नुसत्या ऑक्सिजनऐवजी नायट्रोजन मिसळलेली हवा भरू लागले. पेट न घेणारं कापड आलं. पुढे २० जुलै १९६९ ला दोन माणसं चंद्रावर उतरली, ती या बदललेल्या यानातून तिथवर पोचली होती. त्यांनी येताना चंद्रावर एक छोटी पिशवी ठेवली. त्या पिशवीत त्या तिघांच्या मोहिमेचा कापडी बिल्ला होता. सोबत दोन सोव्हिएत अंतराळवीरांची पदकं होती. त्या काळात ही दोन राष्ट्रं एकमेकांची कट्टर प्रतिस्पर्धी, तरीही! एक पदक गागारिन यांचं आणि दुसरं व्लादिमिर कोमारोव यांचं.

कोमारोव हे उड्डाणात मरण आलेले पहिले अंतराळवीर. 'सोयूझ-१' हे अगदी नवं यान घेऊन ते २३ एप्रिल १९६७ ला निघाले. या यानाच्या आधी ज्या चाचण्या झाल्या, माणसाशिवायच्या, त्यातली एकही धड पार पडली नव्हती. तरी माणूस बसवला. वर गेल्यावर वीज देणारा एक पंख उघडलाच नाही. कोमारोव यांनी हाताने यान सांभाळत पृथ्वीकडे आणलं, पण मोठं पॅराशूट खोक्यातून बाहेरच आलं नाही आणि राखीव पॅराशूट गुंतलं.

त्यानंतरची चार वर्षांनंतरची हकिकत मला वर्गात सांगताना सगळ्यात जड गेली. कारण तिच्यात सगळं सुखरूप झालंय असं वाटत असतानाच कळतं, की नाही.

जून १९७१. जगातलं पहिलं अंतराळ स्थानक 'साल्यूत-१' वर तीन सोव्हिएत अंतराळवीर राहायला गेले: गिऑर्गी दोब्रोवोल्स्की, व्लादिस्लाव वोल्कोव आणि विक्तर पात्सायेव. खरं म्हणजे ते राखीव खेळाडू! मूळ तुकडीतल्या एकाच्या छातीच्या एक्स-रेमध्ये डाग दिसला, म्हणून अख्खी तुकडी बदलली. तेवीस दिवस ते वर होते. इतके दिवस अंतराळात तोवर कोणीच राहिलं नव्हतं. पात्सायेव यांचा वाढदिवसही तिथेच झाला. घरोघरी लोक त्यांना टीव्हीवर बघायचे, ते जणू शेजारचेच होते.

३० जूनला ते परत निघाले. कुपी कझाकस्तानच्या माळरानावर पॅराशूटने उतरली. अगदी ठरल्याप्रमाणे. माणसं धावत गेली, बाहेरून कुपीवर टकटक केलं. आतून उत्तर नाही. दार उघडलं, तर तिघे आपापल्या जागी बसलेले. निष्प्राण.

झालं होतं ते असं. खाली येताना यानाचे भाग एकमेकांपासून सुटतात. त्या वेळच्या हादऱ्याने कुपीचा हवेचा एक छोटा व्हॉल्व्ह उघडला. तो जमिनीजवळ आल्यावर उघडायचा, बाहेरची ताजी हवा आत घ्यायला. उघडला तो १६८ किलोमीटर उंचीवर, जिथे बाहेर हवाच नाही. सायकलच्या ट्यूबमधून हवा जावी तशी कुपीतली हवा निघून गेली. व्हॉल्व्ह हाताने बंद करायची सोय होती, पण त्याला लागणारा वेळ त्यांच्याकडे नव्हता.

तुम्ही विचाराल, पोशाख? अंतराळवीरांचा तो फुगीर पोशाख असता तर वाचले असते ना? हो, वाचले असते. पण तीन जण बसवायचे आणि पोशाखही घालायचे, एवढी जागाच कुपीत नव्हती. मग माणूस कमी करायचा की पोशाख? त्यांनी पोशाख कमी केला.

अपघातानंतर हिशेब उलटा केला. माणसं दोनच, पण दोघांनाही पोशाख. १९८० मध्ये यान सुधारल्यावरच पुन्हा तिघे बसू लागले, तेही पोशाखासकट. एप्रिल १९८४ मध्ये आपले राकेश शर्मा सोयूझमधून गेले, त्यांच्या अंगावर तोच पोशाख होता. त्यांचा तो फोटो पाठ्यपुस्तकात किंवा ग्रंथालयात कुठे दिसला, तर पोशाखाकडे जरा निरखून बघा.

आणि शर्मांच्या शेजारी कोण बसलं होतं माहितीय? गेनादी स्त्रेकालोव. हे गृहस्थ सहाच महिन्यांपूर्वी मरणाच्या दारातून परत आले होते. सप्टेंबर १९८३ मध्ये ते आणि त्यांचे सोबती व्लादिमिर तितोव रॉकेटच्या टोकावर बसले असताना, उड्डाणाआधीच, खाली आग लागली. सुटकेच्या छोट्या रॉकेटने त्यांची कुपी उपटून उचलली आणि दूर नेऊन टाकली. मागे काही सेकंदांत मोठं रॉकेट फुटलं. दोघांना थोडा मुका मार लागला, बस्स. आमच्या वर्गाने टीव्हीवर बघायची ठेवलेली चाचणी होती ना, ती अशाच व्यवस्थेची.

अमेरिकेच्या स्पेस शटलमध्ये मात्र उडताना सुटकेची अशी काही सोय नव्हती. शटल इतकं भरवशाचं, की गरजच पडणार नाही, असं धरून चालले होते. विमानासारखं जायचं, विमानासारखं यायचं. म्हणूनच तर त्यात एका शिक्षिकेला बसवायचं ठरलं.

क्रिस्टा मॅकॉलिफ. न्यू हॅम्पशायर राज्यातल्या काँकर्ड गावात त्या हायस्कूलच्या मुलांना समाजशास्त्र शिकवायच्या. अंतराळात जायला अकरा हजारांहून जास्त शिक्षकांनी अर्ज केले होते, त्यातून त्यांची निवड झाली. वरून त्या दोन पाठ घेणार होत्या. डी.एड.ला असताना मी त्यांच्याविषयी पहिल्यांदा वाचलं. तेव्हा आम्ही सरावपाठाला जायचो, पंचवीस मिनिटांच्या पाठासाठी आदल्या रात्री दोन-दोन वाजेपर्यंत टाचण लिहायचो. मला पहिला प्रश्न पडला, या बाईंनी टाचण कसं लिहिलं असेल? फळा नाही, खडू नाही, आणि विद्यार्थी सगळा देश!

'चॅलेंजर'चं उड्डाण आधीच बऱ्याच वेळा पुढे ढकललं गेलं होतं. कधी हवा, कधी आणखी काही. २७ जानेवारी १९८६ ला तर दाराच्या मुठीचा बोल्ट अडकला. तो काढता काढता वेळ गेला, आणि निघाला तेव्हा वारा सुटला. वर्तमानपत्रं चेष्टा करू लागली होती. त्या रात्री फ्लोरिडात कडाक्याची थंडी पडली. पारा शून्याच्या खाली.

शटलच्या दोन्ही बाजूंना घन इंधनाची दोन लांबलचक रॉकेटं असायची. ती तुकड्यातुकड्यांची, एकावर एक डबे ठेवावेत तशी जोडलेली. सांध्यातून आतला जळता वायू बाहेर पडू नये म्हणून तिथे रबराच्या दोन रिंगा. रिंग केवढी? घेर एखाद्या खोलीएवढा मोठा, पण जाडी जेमतेम सात मिलिमीटर, तुमच्या पेन्सिलीएवढीच. काम कुकरच्या रिंगेचंच. आता घरात बघा, कुकरची रिंग सैल झाली की आई ती थोडा वेळ फ्रीजरमध्ये ठेवते. का? थंडीने रबर कडक होतं. कुकरला ते चालतं. रॉकेटला नाही चालत. सांधा हलला की रिंगेने क्षणात फुगून फट बुजवायला हवी, आणि कडक रबर ते करू शकत नाही.

हे कोणाला माहीत नव्हतं असं समजू नका. ही रॉकेटं बनवणाऱ्या कंपनीतले अभियंते रॉजर बोइजोली यांनी आदल्या वर्षी, थंडीतल्या एका उड्डाणानंतर, दोन रिंगांच्या मध्ये काळी काजळी बघितली होती. म्हणजे वायू पहिल्या रिंगेतून निसटला होता. जुलै १९८५ मध्ये त्यांनी वरिष्ठांना लेखी कळवलं, की हे असंच राहिलं तर माणसं मरतील.

२७ जानेवारीच्या रात्री फोनवर मोठी बैठक झाली. एका बाजूला कंपनीचे लोक, दुसऱ्या बाजूला नासाचे अधिकारी. बोइजोली आणि त्यांच्या सोबत्यांनी सांगितलं, १२ अंश सेल्सियसच्या खाली उडवू नका. नासाचे अधिकारी वैतागले. तेव्हा कंपनीच्या साहेबांनी थोडा वेळ मागून घेतला, आपसात चर्चा केली आणि अभियंत्यांच्या प्रमुखाला सांगितलं, आता अभियंत्याची टोपी काढ आणि व्यवस्थापकाची घाल. टोपी बदलली. कंपनीने होकार कळवला.

मला या बैठकीतली एक गोष्ट फार महत्त्वाची वाटते, म्हणून इथे थोडं थांबते. एरवी नियम असा, की उडवण्याआधी 'हे सुरक्षित आहे' असं सिद्ध करायचं. जरा शंका असली की थांबायचं. त्या रात्री प्रश्नच उलटा झाला. अभियंत्यांना जणू म्हटलं गेलं, 'हे असुरक्षितच आहे' असं सिद्ध करून दाखवा. त्यांच्याकडे इतक्या थंडीतला एकही पुरावा नव्हता. असणार कसा? इतक्या थंडीत आधी कोणी उडवलंच नव्हतं!

कंपनीचे अ‍ॅलन मॅकडॉनल्ड तळावर हजर होते. संमतीच्या कागदावर सही करायचं काम त्यांचं. त्यांनी सही केली नाही. ती त्यांच्या वरिष्ठांनी केली.

सकाळी तळावर बर्फाच्या सुळ्या लोंबत होत्या. ११ वाजून ३८ मिनिटांनी चॅलेंजर उडालं. काँकर्डच्या शाळेत मुलं टोप्या घालून, पिपाण्या घेऊन टीव्हीसमोर बसली होती. अमेरिकेतल्या कितीतरी शाळांत असेच वर्ग भरले होते. बोइजोली कंपनीत टीव्हीसमोर बसले होते. रॉकेट तळावरच फुटेल अशी त्यांना भीती होती. ते वर निघालं तेव्हा त्यांना वाटलं, वाचलो. मग त्र्याहत्तरावा सेकंद आला.

सात जण होते: डिक स्कोबी, मायकेल स्मिथ, ज्युडिथ रेस्निक, एलिसन ओनिझुका, रोनाल्ड मॅकनेअर, ग्रेगरी जार्विस आणि क्रिस्टाबाई.

पुढे चौकशी समिती बसली. तिच्यात नोबेल मिळालेले भौतिकशास्त्रज्ञ रिचर्ड फाइनमन होते. भर सभेत, कॅमेऱ्यासमोर, त्यांनी त्या रबराचा एक तुकडा छोट्या शिकंज्यात आवळला आणि समोरच्या बर्फाच्या पाण्याच्या पेल्यात बुडवला. थोड्या वेळाने काढून शिकंजा सैल केला. रबर पूर्वीसारखं झालं नाही, दबलेलंच राहिलं. झालं! जाडजूड अहवालात जे सांगायचं ते पाण्याच्या एका पेल्याने सांगितलं. आणि सही न करणारे मॅकडॉनल्ड? त्या सांध्याची नवी रचना करण्याचं काम पुढे त्यांच्याकडेच आलं.

आता आपल्या घरची गोष्ट. 'कोलंबिया'ची.

१ फेब्रुवारी २००३, शनिवार. मी सातवीत होते. आमच्याकडे संध्याकाळी साडेसातच्या सुमाराला दिवेलागण, शुभंकरोती वगैरे आटोपून आम्ही जेवायला बसायचो. टीव्हीवर मधेच बातमी आली, की कल्पना चावला असलेल्या यानाशी संपर्क तुटला आहे. हरयाणातल्या कर्नालची ही मुलगी आम्हा मुलींची किती लाडकी होती ते आज सांगूनही कळायचं नाही. तिचा नारिंगी पोशाखातला हसरा फोटो माझ्या कात्रणवहीत पहिल्याच पानावर होता. १९९७ मध्ये ती याच कोलंबियातून जाऊन आली होती. ही तिची दुसरी खेप. आजी म्हणाली, "संपर्क तुटलाय ना, मग लागेल परत." आमच्या फोनचा नेहमी तसाच लागायचा.

सोमवारी शाळेत सगळे दोन मिनिटं उभे राहिलो. का झालं, हे मात्र कोणालाच सांगता येईना. ते मला फार वर्षांनी वाचायला मिळालं, आणि वाचल्यावर पहिल्यांदा रागच आला.

१६ जानेवारीला कोलंबिया उडालं, तेव्हा ऐंशीएक सेकंदांनी मोठ्या इंधनटाकीवरच्या फेसाचा एक तुकडा सुटला. फेस म्हणजे थर्मोकोलसारखा हलका, वजन पाऊण किलो. तो डाव्या पंखाच्या पुढच्या कडेवर ताशी आठशे किलोमीटरपेक्षा जास्त वेगाने आदळला. दुसऱ्या दिवशी चित्रफीत बघताना अभियंत्यांना ते दिसलं. दिसलं, हे लक्षात ठेवा. पंखाला भोक पडलं का, हे बघायला उपग्रहांच्या किंवा दुर्बिणींच्या मदतीने फोटो काढा, अशी त्यांनी विनंती केली. एकदा नाही, तीनदा. वरिष्ठांनी फोटो काढवून घेतले नाहीत. फेस तर याआधीही पडला होता, काही झालं नव्हतं. मग आता कशाला? पुन्हा तोच उलटा प्रश्न: नुकसान झालंय हे आधी दाखवा, मग फोटोचं बघू. अहो, पण नुकसान दाखवायलाच तर फोटो हवा होता!

सोळा दिवस सातही जण वर काम करत होते. परत येताना यानाच्या पंखाची कड हजार-दीड हजार अंशांपर्यंत तापते. पंखातल्या भोकातून तो तप्त वायू आत शिरला. उतरायला सोळा मिनिटं उरली असताना, टेक्सासच्या आकाशात यान तुटलं. रिक हजबंड, विल्यम मॅकूल, मायकेल अँडरसन, डेव्हिड ब्राउन, लॉरेल क्लार्क, इस्रायलचे इलान रामोन आणि आपली कल्पना.

त्याच उन्हाळ्यात तज्ज्ञांनी पंखाच्या कडेवर तसाच फेसाचा तुकडा यंत्रातून मारून बघितला. सुमारे चाळीस सेंटिमीटरचं भोक पडलं. बघणाऱ्यांच्या तोंडून शब्द फुटेना.

दोन वर्षांनी शटल पुन्हा उडू लागलं तेव्हा एक नवीन पद्धत सुरू झाली. अंतराळ स्थानकाजवळ पोचलं, की शटल तिथे हळूच एक कोलांटी मारायचं. स्थानकातले लोक त्याच्या पोटाचे फोटो काढायचे. कोणाला विनंती करावी लागायची नाही. २०११ मध्ये शटल निवृत्त होईपर्यंत हे चाललं. आणि ऑगस्ट २००७ मध्ये अशाच एका शटलमधून बार्बरा मॉर्गन वर गेल्या. क्रिस्टाबाईंच्या जागी राखीव म्हणून निवडलेल्या शिक्षिका त्या. एकवीस वर्षं थांबून त्यांनी अंतराळातून मुलांशी गप्पा मारल्या.

चंद्रावर अजून एक पाटी आहे. १९७१ मध्ये 'अपोलो-१५'च्या अंतराळवीरांनी ती ठेवली. तिच्यावर तोवर गेलेल्या चौदा अंतराळवीरांची नावं आहेत, अमेरिकन आणि सोव्हिएत, मिसळून. ग्रिसम आहेत, कोमारोव आहेत, दोब्रोवोल्स्की, वोल्कोव, पात्सायेव आहेत. बोंदारेन्को नाही. त्याची गोष्ट तेव्हा कोणाला माहीतच नव्हती ना!

तर, वर्गात मी इथपर्यंत आले आणि टीव्हीवर गडबड सुरू झाली. बिघाड सापडला होता. दहा वाजता पुन्हा मोजणी, आणि या वेळी शून्यापर्यंत. रॉकेट उडालं, साधारण बारा किलोमीटरवर कुपी सुटली, पॅराशूट उघडली आणि ती बंगालच्या उपसागरात उतरली. पोरांनी बाकं वाजवली. शेजारच्या वर्गातल्या बाई बघायला आल्या, काय झालं म्हणून.

'फुस्स' म्हणणारा आता सहावीत आहे. २०२५ च्या जूनमध्ये शाळा उघडली त्या दिवशी तो मला व्हरांड्यात भेटला. शुभांशु शुक्ला तेव्हा अंतराळ स्थानकावर जायला निघाले होते, पण रॉकेटमध्ये द्रवरूप ऑक्सिजनची गळती सापडली आणि उड्डाण पुढे गेलं होतं. (नंतर स्थानकाच्याच एका भागातल्या हवागळतीमुळे आणखी लांबलं. शेवटी २५ जूनला ते गेले आणि १५ जुलैला सुखरूप परत आले.) त्याच्या हातात वर्तमानपत्राचं कात्रण होतं.

"बाई," तो म्हणाला, "गळती सापडली. थांबवलंय त्यांनी!"

आणि तोंड असं हसरं, जसं काही त्यानेच शोधून काढली होती.